घरटी एक माणूस

माझे मालक मुंबईच्या असेंब्लीत होते हे कळलं की लोक खुर्ची पुढे करतात. मग विचारतात, तो काळ कसा होता. तो काळ मी आंद्रा नदीच्या काठी दोन बैल आणि एका म्हशीबरोबर काढला. असेंब्ली मी आतून कधी पाहिली नाही. तिच्यातलं जे माझ्या दारापर्यंत आलं तेवढंच मला सांगता येईल.

मी लोणावळ्याची. वडील रेल्वेत होते. गाडी घाट चढून आली की मागून ढकलणारं इंजिन सोडवायचं, हे त्यांचं काम. चौथी झाले आणि शाळा संपली. लग्न होऊन टाकव्याच्या पलीकडच्या गावात आले. मधे आंद्रा नदी. पावसाळ्यात नदी ओलांडायची तर सुक्या भोपळ्यांची सांगड असे, तिच्यावर बसून दोर धरायचा. धडधाकट माणूस जाई. आजारी माणूस, बाळंतीण, गुरं अलीकडेच राहत. नदीत दगडी फरशी व्हावी, वरून पाणी गेलं तरी ती जागची हलू नये, पाणी ओसरलं की पुन्हा चालता यावं, एवढंच गावाचं मागणं. ते माझ्या लग्नाआधीपासूनचं होतं.

मला मूल झालं नाही. त्याबद्दल इथं काही लिहायचं नाही.

सदतीस साली निवडणूक झाली तेव्हा पक्षाने मालकांना उभं केलं. ते एकदा तुरुंगात जाऊन आले होते, शेतकरी होते, चार माणसांत बोलायला बरे होते. पक्षाला असा माणूस हवा होता. गावाला फरशी बांधणारा माणूस हवा होता. दोघांना एकच माणूस मिळाला आणि दोघेही खूश झाले.

मत फार थोड्यांना होतं. मला लिहितावाचता येत होतं म्हणून माझं नाव यादीत लागलं. वडगावला जाऊन मत टाकून आले. मालक निवडून आले त्या दिवशी आबा देवळाच्या पारावर उभे राहिले. आबा म्हणजे मालकांचे चुलते, गावकीचे मुख्य. ते म्हणाले, "आता मुंबईच्या गावकीत आपल्या घरचा माणूस बसला."

सगळ्या गावाची समजूत तीच होती. आमच्या गावकीत प्रत्येक घरातला एक माणूस देवळात बसतो आणि आपल्या घराचं म्हणणं मांडतो. बांध घालायचा असो, देवळाचं छप्पर शाकारायचं असो, गावचा राखणदार जागल्या हाळी देत फिरतो, "घरटी एक माणूस." मग कुणाला विचारायचं नाही, जायचं. असेंब्ली म्हणजे अशीच मोठी गावकी असणार, तिथं आमचा माणूस उठून "आमच्या नदीला फरशी द्या" म्हणणार, आणि मग ती मिळणार. मलाही तसंच वाटत होतं. दुसरं काही वाटायला मी काय पाहिलं होतं?

मालक मुंबईला एका खोलीत राहत. तिथून पोस्टाने वर्तमानपत्र पाठवत, गावाला वाचून दाखव म्हणून. बायकांनी पारावर बसायचं नाही. मी खाली पायरीशी उभी राहून पदर पुढे ओढून वाचायची आणि पुरुष वर बसून ऐकायचे. माझं तोंड कुणी बघत नव्हतं, पण आवाज सगळे ऐकत होते. गावात एवढं मोठ्यानं बोलायची मुभा दुसऱ्या कुठल्या सुनेला नव्हती.

पुढच्या शिमग्याच्या सुमारास एक पेपर आला. त्यात असं होतं की विरोधी बाजूच्या एका सभासदाने रस्त्यांच्या खात्याला द्यायच्या रकमेत एक रुपयाची कपात सुचवली. तो भाषणात म्हणाला होता की मावळात नद्यांना फरश्या नाहीत, पावसाळ्यात गावंच्या गावं तुटतात, आणि सरकार झोपलंय. त्याने नद्यांची नावं घेतली होती. त्यात आंद्रा होती.

"ह्यो कोण म्हनायचा?" आबा म्हणाले. "भला माणूस दिसतोय. फुडं वाच."

पुढे, कपात नामंजूर झाली असं होतं. कपातीच्या विरुद्ध मत देणाऱ्यांची नावं दिली होती. त्यात मालकांचं नाव आलं. मी अडखळले नाही. अडखळायला वेळच मिळाला नाही, डोळ्यांना कळायच्या आत ते तोंडातून गेलं होतं.

"परत वाच," आबा म्हणाले.

मी परत वाचलं.

"म्हंजी एका रुपायासाठी फरशी घालवली?" मागून कुणी तरी विचारलं.

"रुपया कापू नका, असं ह्यांनी मत दिलं," मी म्हणाले.

"मंग रुपाय कापला असता तर फरशी मिळाली असती?"

"मला ठावं न्हाई."

"चवथी शिकलीस न्हवं लोणावळ्याला? तितं रुपायाचा हिशेब न्हाई शिकवला?"

थोडे हसले. आबा हसले नाहीत. त्यांनी धोतर झटकलं आणि म्हणाले, "बास. उठा आता."

तेव्हापासून जागल्याची हाळी माझ्या दाराशी थांबेना. शेजारच्या घराशी "घरटी एक माणूस" म्हणायचा, माझ्या अंगणासमोरून गप जायचा आणि पुढच्या घराशी पुन्हा म्हणायचा. कुणी मला शिवी दिली नाही, पाणी तोडलं नाही. पाणवठ्यावर बायका एवढंच म्हणत, "सरा गं, रुपायवाली आली." आणि खरंच सरत. मला पाणी लवकर मिळायचं. तेवढाच फायदा.

अधिवेशन संपलं की मालक घरी येतील आणि स्वतः गावाला सांगतील असं मी धरून होते. पक्षाने त्यांना खानदेशात पाठवलं, तिथं सभा घ्यायच्या होत्या. उन्हाळा तसाच गेला.

मग आवणी आली. आमच्याकडे भाताची रोपं उपटून खाचरात लावायला इर्जिक घालतात. म्हणजे ज्याचं शेत त्याने गावाला सांगायचं आणि जेवण रांधायचं. गावाने येऊन एका दिवसात लावून द्यायचं. मजुरी नाही. आज माझं, उद्या तुझं. मी आदल्या दिवशी घरोघर जाऊन सांगून आले. कुणी नाही म्हणालं नाही. "बगू," म्हणाले. मला वाटलं, बघू म्हणजे येतील.

मी पहाटे उठून भात टाकला, पावट्याची आमटी केली, घुगऱ्या केल्या, पाटीभर भाकरी भाजल्या. बैलांनी चिखलणी आधीच करून झाली होती. रोपाच्या मुठी बांधून खाचराच्या कडेला ठेवल्या होत्या. इरलं डोक्यावर घेऊन बांधावर उभी राहिले. समोरच्या बांधावरून माणसं आपापल्या शेतांकडे जात होती. मला दिसत होती आणि त्यांना मी दिसत होते. एक जण थांबला, इरलं सारखं केलं आणि गेला.

उन्हं वर येईपर्यंत मी वाट पाहिली. मग वाकले आणि एकटीने लावायला लागले. एकट्या बाईला खाचर लावायला किती वेळ लागतो हे ज्यांना माहीत आहे त्यांना सांगायला नको, ज्यांना माहीत नाही त्यांना सांगून उपयोग नाही. आवणीची गाणी असतात. ती एकटीने म्हणता येत नाहीत, एकीने म्हणायचं आणि दुसऱ्यांनी झेलायचं अशी ती रचलेली. मी म्हटली नाहीत. घरी आले तेव्हा भात आंबायला लागला होता. म्हशीला घातला. तिने आनंदाने खाल्ला.

खालचं खाचर रोज थोडं थोडं करून लागलं. वरच्याची रोपं वाढून पिवळी पडली. ती लावून काही उपयोग नव्हता.

श्रावणात मालकांचं कार्ड आलं. असेंब्लीचं पावसाळी अधिवेशन पुण्याला होतं, ते मुंबईहून पुण्याला जाताना लोणावळ्यावरून जाणार होते. घाट चढून आलेली गाडी तिथं थांबते, हे मला जन्मापासून माहीत होतं. सांगडवाला टाकव्याचा होता, त्याचा आमच्या गावकीशी संबंध नव्हता, त्याने मला नदीपार नेलं. कान्ह्याला गाडी धरली आणि लोणावळ्याच्या फलाटावर जाऊन बसले. वडील त्याआधीच वारले होते. त्यांच्या कामावर दुसरा माणूस होता. मला ओळखत नव्हता.

गाडी आली. मालक खाली उतरले. खादीचा सदरा, हातात वर्तमानपत्र. डब्यात त्यांच्या पक्षाचे आणखी दोघं-तिघं होते. मी भाकरीचं फडकं दिलं.

"गावाला काय सांगू?" मी विचारलं.

"का? गावाला काय झालं?"

"गावाला काय हुतंय? मला झालंय. इर्जिकीला कुणी आलं न्हाई."

त्यांनी फडकं बाकावर ठेवलं. "रोपं?"

"खालचं लागलं. वरचं गेलं."

शेतकरी माणूस, त्याला एवढं पुरलं.

"फरशीच्या विरुद्ध मत दिलंत तुमी?"

"फरशीच्या न्हाई गं. कपातीच्या."

"गावाला दोन्ही एकच."

"एकच न्हाई. रुपाय कापला म्हंजी असेंब्लीचा सरकारवर भरवसा न्हाई, असं हुतं. विरोधक मुद्दाम तसं करत्यात. आज फरशीचं नाव काढतील, उद्या शाळेचं. दर खेपेला आपलाच माणूस त्यांच्या बाजूनं गेला तर सरकार पडंल. मंग फरशी कोण देनार?"

"मंग गप बसायचं हुतं. मत द्यायलाच जायाचं न्हाई."

"घंटा वाजली की उठावं लागतं. दोन दारं असत्यात. हो म्हननारे एका दारानं जायाचं, न्हाई म्हननारे दुसऱ्या. आन् पक्षाचा प्रतोद हुबा असतो, कोन कुटं चाललं बघत."

"प्रतोद म्हंजी?"

"आसूड." ते थोडे हसले. मी हसले नाही.

"फरशीचं एक अक्षर बोलला न्हाईत तुमी?"

"बोललो की. आदल्या दिवशी पक्षाची बैठक हुती. मंत्र्याच्या तोंडावर भांडलो. सगळ्यांनी ऐकलं. फुडच्या साली रक्कम धरतो, असं कबूल करून घेतलं."

"पेपरात न्हाई आलं ते."

"बैठकीतलं पेपरात येत न्हाई. घरात भांडायचं, दारात न्हाई. आपली गावकी तरी दुसरं काय करती?"

डब्याच्या खिडकीतून त्यांच्याबरोबरचे एक गृहस्थ डोकावले. "वहिनी, मूळ प्रश्न एक आणि उपप्रश्न फार झाले. आता अध्यक्ष घंटा वाजवतील बघा."

तेवढ्यात गार्डाने शिट्टी दिली. सगळे हसले, मालकही. चढताना म्हणाले, "आबाला सांग, फुडच्या साली नक्की."

"तुमी सांगा," मी म्हणाले. पण गाडी हलली होती. भाकरी बाकावरच राहिली. ती मी परतीच्या गाडीत खाल्ली.

आबांना मी सांगितलं. ते म्हणाले, "फुडच्या साली म्हंजी ज्या साली मी नसंन त्या साली."

त्यानंतर काही दिवसांनी माझी थोरली जाऊ ताक मागायच्या निमित्ताने आली. तिला मी आक्का म्हणत असे. तिचं घर माझ्या घराला लागून. ताकाचं भांडं हातात घेऊन ती म्हणाली, "आमचं मालक भांडलं हुतं गं देवळात. म्हनलं, नवऱ्याचं बायकुवर कशापायी काढायचं, इर्जिकीला जाऊ. लय भांडलं. पर ठरलं तसं ठरलं."

"मंग त्ये आलं का न्हाईत?"

"ठरल्यावर कसं येतील?" तिने माझ्याकडे असं पाहिलं की मी काही तरी वेडंवाकडं विचारलं असावं.

म्हणजे मुंबईत फरशीसाठी एक माणूस भांडला आणि दुसऱ्या दिवशी फरशीच्या उलट गेला. देवळात माझ्यासाठी एक माणूस भांडला आणि सकाळी माझ्या बांधावरून पुढे गेला. दोघेही खरं बोलत होते. मालक फलाटावर काय सांगत होते ते मला आक्काच्या ताकापाशी कळलं. कळलं म्हणते. पटलं असं म्हणत नाही. सगळे एका दाराने गेले तर कामं होतात हे मी नाकारत नाही. पण दाराबाहेर जो राहतो त्याला आत कोण किती भांडलं याचा काही उपयोग नसतो.

दुसऱ्या साली पक्षाने शब्द पाळला. रक्कम धरली गेली आणि उन्हाळ्यात नदीच्या काठाला घडवलेले दगड येऊन पडले. पोरं त्यांच्यावर चढून खेळायची. बायका मला पाणवठ्यावर जागा द्यायच्याऐवजी रांगेत उभी करायला लागल्या, ते मला बरं वाटलं. काम पावसाळ्यानंतर सुरू व्हायचं होतं. पावसाळा सरला आणि लढाईचं निमित्त झालं. देशाला न विचारता लढाईत ओढलं म्हणून पक्षाने मंत्र्यांना राजीनामे द्यायला सांगितले. त्यांनी दिले. असेंब्ली बंद पडली. ठेकेदार आपली माणसं घेऊन गेला. दगड राहिले.

मालक घरी आले. आबांनी त्यांना देवळात बोलावलं. मी घरात होते, पण देवळातलं बोलणं आमच्या परसात ऐकू येई.

"सरकार तुमचंच हुतं न्हवं?" आबांनी विचारलं.

"व्हय."

"कुनी काडलं?"

"कुनी काडलं न्हाई. आमीच सोडलं."

"फरशी हुस्तवर दम न्हाई निघाला?"

"पक्षाचा ठराव झाला, आबा."

"तुमचं मत काय हुतं?"

मालक म्हणाले, "ते बैठकीत सांगितलं."

आबांनी त्यापुढे विचारलं नाही. ते स्वतः आयुष्यभर गावकी चालवत आले होते. त्यांना हे उत्तर नवं नव्हतं. मालकांचं मत काय होतं ते मीही विचारलं नाही. विचारलं असतं तर सांगितलं असतं की नाही, माहीत नाही. ते घरी होते ते महिने माझ्या आठवणीत नीट नाहीत. ते जेवत, बैलांना पाणी दाखवत, वर्तमानपत्राची वाट बघत. मग पक्षाने सत्याग्रहाला नावं काढली, त्यात त्यांचं निघालं, आणि ते येरवड्याला गेले.

त्या उन्हाळ्यात आबा म्हातारपणामुळे काठी घेऊन चालायला लागले होते. एक दिवस काठावर येऊन दगडांकडे बघत उभे राहिले. मी म्हैस धूत होते. माझ्याशी आपणहून बोलले, वाचायला सांगायचे ते दिवस सोडले तर पहिल्यांदाच.

"सूनबाई, सरकार न्हाई म्हंतो न्हवं तुजा मालक?"

"आपलं न्हाई म्हंत्यात. गोऱ्याचं हाय."

"मंग ह्ये दगड कुनाचं?"

"आपल्या सरकारनं आणल्यालं."

"ते तर गेलं. मंग बेवारशी म्हनायचं." त्यांनी काठीने एक दगड ठोकून पाहिला. "चांगलं घडवल्यात."

त्या संध्याकाळी देवळात बैठक झाली. सरकारी दगडाला हात लावला तर पोलीस येतील असं निम्मं गाव म्हणत होतं. भांडण बरंच झालं. मग ठरलं. जागल्या बाहेर पडला. मी चुलीपाशी होते. शेजारच्या आक्काच्या दाराशी हाळी झाली. मग पावलं माझ्या अंगणाशी आली आणि थांबली.

"घरटी एक माणूस," तो म्हणाला. मग हळू म्हणाला, "मालक न्हाईत ठावं हाय. आबांनी थांबायला सांगितलं."

सकाळी मी गेले. पुरुष दगड लोटत होते, बायका पाटीने खडी आणि वाळू टाकत होत्या. मला पाहून कुणी हात थांबवले नाहीत. आक्काने सरकून जागा केली. आबा काठावर बसून शिव्या घालत होते. मी जवळून गेले तेव्हा म्हणाले, "रुपाय आणलास का?"

"मालकांनी कापू दिला न्हाई," मी म्हणाले.

आबा इतके हसले की त्यांना खोकला लागला. मग बाकीचेही हसले. इर्जिकीबद्दल कुणी काही बोललं नाही. मीही काढलं नाही. त्या वर्षी माझ्या खाचराला माणसं आली, जेवली आणि गेली.

फरशी काही सरळ झाली नाही. पहिल्या पावसाळ्यात मधला भाग वाहून गेला, तो पुन्हा घातला. पोलीस आले नाहीत. मालक सुटून आले तेव्हा ते तिच्यावरूनच चालत आले. ते मधे थांबून पायाने दगड दाबून बघत होते, हे मी काठावरून पाहिलं.

"कुनी बांदली?" त्यांनी विचारलं.

"गावकीनं."

"तुला हाळी दिली हुती?"

"दिली."

त्यांनी मान हलवली. माझ्या हातांकडे पाहिलं नाही. मग पुण्याची काय बातमी, ते मला सांगू लागले.

लढाई संपल्यावर पुन्हा निवडणूक आली तेव्हा पक्षाने तिकीट दुसऱ्याला दिलं, शहरातल्या एका शिकलेल्या माणसाला. मालकांना वाईट वाटलं असावं. वाटलं असेल तर ते बैठकीत सांगितलं असेल, मला सांगितलं नाही. त्याच माणसासाठी ते गावोगाव हिंडले, घसा बसेपर्यंत बोलले. मतदानाच्या दिवशी सोमाटण्याच्या बाजूला होते. मी एकटी फरशीवरून गेले, वडगावला मत टाकलं आणि परत आले. कुणाला दिलं ते त्यांनी विचारलं नाही. त्यांना विचारायची गरज वाटली नसावी.

घरी येऊन म्हशीची धार काढत होते तर जागल्याची हाळी ऐकू आली. फरशीच्या पलीकडच्या तोंडाशी माती खचली होती, ती पावसाळ्याआधी भरायची होती. तो अंगणाशी थांबला.

"घरटी एक माणूस. मालक हायत का?"

"न्हाईत," मी म्हणाले. "मी येते."